दावा डिफॉल्टमध्ये निघाला? मूळ नंबरावर परत घेण्यासाठी काय करायचं आणि कोणत्या क्रमाने

ठाण्याच्या कोर्टनाक्यावर माझ्याकडे येणारे बरेच पक्षकार एकच वाक्य घेऊन येतात: "मॅडम, नक्कल कालच मिळाली, म्हणून आज आलो." हातात आदेशाची कोरी करकरीत नक्कल असते आणि दावा निघून 50-55 दिवस उलटलेले असतात. निघालेला दावा जुन्याच नंबरावर पुन्हा चालू करून घेण्याच्या या कामासाठी नकलेची वाट बघायची गरजच नसते. ज्या 30 दिवसांत एका साध्या अर्जावर काम झालं असतं, ते 30 दिवस नक्कल विभागाच्या खिडकीपुढे जातात. मग विलंबमाफीचा वेगळा अर्ज, त्याची वेगळी नोटीस आणि समोरच्या वकिलांचा कडवा विरोध हे सगळं मागे लागतं.

वादी किंवा अर्जदार तारखांना यायचा बंद झाला म्हणून कोर्टाने प्रकरण काढून टाकलं, तर पुढे काय करायचं ते इथे टप्प्याटप्प्याने लिहिलं आहे. मुख्य भाग दिवाणी दाव्यांचा आणि अपिलांचा आहे. चेकचा खटला, ग्राहक तक्रार, दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) आणि हायकोर्टातली याचिका यांचे रस्ते वेगळे असल्याने ते शेवटी घेतले आहेत. तुमचं प्रकरण त्यातलं असेल तर आधी तो भाग वाचा, कारण चुकीच्या कोर्टात चुकीचा अर्ज करण्यात गेलेला महिना परत मिळत नाही.

टप्पा 0: पुकारा आजच चुकला असेल तर

लोकल बंद पडली, घोडबंदरला गाडी अडकली, तुम्ही दुसऱ्या मजल्यावर उभे राहिलात आणि कोर्ट निघालं तिसऱ्या मजल्यावर. असं झालं तर घरी जाऊ नका. वकिलांना घेऊन त्याच दिवशी, न्यायाधीश डायसवर असतानाच, उभे राहा आणि कारण सांगा. आदेशावर सही व्हायची असेल तर प्रकरण पुन्हा पुकारलं जाण्याची शक्यता चांगली असते. सही झाली असली तरी त्याच दिवशी लेखी अर्ज द्या. दुसऱ्या दिवशीच्या अर्जापेक्षा त्याच दिवशीच्या अर्जावर कोर्टाचा विश्वास लवकर बसतो. "वकील उद्या बघू म्हणाले" असं म्हणत निघून गेलेल्यांची पुढे झालेली धावपळ मी पाहिली आहे.

टप्पा 1: प्रकरण नेमकं कुठे आहे ते शोधा आणि रोजनामा वाचा

ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा ॲपवर 16 अक्षरांचा सीएनआर क्रमांक (प्रत्येक प्रकरणाचा स्वतंत्र क्रमांक) टाकला की प्रकरणाची स्थिती, मागच्या तारखा आणि आदेश दिसतात. सीएनआर नसेल तर प्रकरणाचा प्रकार, नंबर आणि वर्ष टाका. तेही हाताशी नसेल तर पक्षकाराच्या नावावरून शोधा.

नवी मुंबईकर इथे हमखास चुकतात. वाशी, नेरुळ, ऐरोली, घणसोली ठाणे जिल्ह्यात येतात. खारघर, कामोठे, कळंबोली नवी मुंबईत धरली जात असली तरी ती पनवेल तालुक्यात, म्हणजे रायगड जिल्ह्यात आहेत. खारघरच्या फ्लॅटचा दावा ठाणे जिल्ह्याच्या यादीत शोधून "सापडत नाही, म्हणजे अजून चालू असेल" असं समजून महिनोन्महिने थांबलेले लोक मला भेटले आहेत. दुसरी गोष्ट, प्रकरण एका कोर्टाकडून दुसऱ्याकडे वर्ग झालं की नंबर बदलू शकतो. ठाण्यात दाखल केलेला जुना दावा बेलापूरला गेला असेल तर जुन्या नंबरावर "वर्ग" एवढंच दिसेल आणि खरी तारीख नव्या नंबराखाली चालू असेल.

प्रकरण सापडलं की शेवटचा आदेश वाचा आणि तेवढ्यावर थांबू नका. आधीच्या 5-6 तारखांचा रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं त्याची कोर्टाची नोंद, तीही बघा. वकील मागच्या दोन तारखांना हजर होते का? "अखेरची संधी" असं कुठे लिहिलं आहे का? तुमच्यावर खर्च बसवला होता का? वकिलांनी "नो इन्स्ट्रक्शन" पुरशीस (पक्षकाराकडून सूचना नाहीत, असं कोर्टाला लेखी कळवणं) दिली होती का? समोरच्याचे वकील हजर होते का? तुमचा सगळा अर्ज या पाच उत्तरांवर उभा राहणार आहे.

तपासा: आदेशाची तारीख, आदेश देणारं कोर्ट, आणि त्या दिवशी प्रतिवादी हजर होता की नाही. तिन्ही गोष्टी वहीत लिहिल्याशिवाय पुढे जाऊ नका.

थांबा: संकेतस्थळावर "निकाली" दिसलं म्हणजे दावा डिफॉल्टमध्येच निघाला असं नाही. आदेश उघडून वाचायलाच हवा.

टप्पा 2: कोणत्या नियमाखाली निघाला ते ठरवा

सगळ्या कामाचा कणा हा टप्पा आहे, आणि सर्वांत जास्त घाईही इथेच होते. "काढून टाकला" हे शब्द सारखे असले तरी दिवाणी प्रक्रिया संहितेत त्यामागचे नियम वेगळे आहेत. तुमचा हक्क आणि मुदत त्या नियमावरून ठरते.

कोणीच हजर नव्हतं. पुकाऱ्याला वादी नाही, प्रतिवादीही नाही. हा आदेश 9, नियम 3 (इथे "आदेश" म्हणजे संहितेतलं प्रकरण, कोर्टाचा हुकूम नव्हे). इथे दोन दारं उघडी असतात: नियम 4 खाली दावा मूळ नंबरावर घेण्याचा अर्ज करा, किंवा मूळ दाव्याची मुदत शिल्लक असेल तर नवा दावा टाका. नव्या दाव्याला पूर्ण कोर्ट फी पुन्हा लागते, जुना पुरावा आणि मधले आदेश हातचे जातात. म्हणून बहुतेक वेळा मी अर्जाचाच सल्ला देते.

प्रतिवादी हजर, वादी गैरहजर. हा नियम 8. इथे धोका मोठा आहे, कारण नियम 9 प्रमाणे त्याच कारणावर नवा दावा टाकता येत नाही. दावा परत घेण्याचा अर्ज हा एकच रस्ता उरतो. "काही नाही, नवीन दावा टाकू" असं कोणी सांगितलं तर रोजनामा त्यांच्यापुढे ठेवा.

समन्सचा खर्च भरला नाही. प्रतिवादीला समन्स काढायची फी भरली नाही म्हणून दावा निघतो तो नियम 2 खाली. समन्स बजावणी न होता परत आलं आणि 7 दिवसांत नवं समन्स मागितलं नाही, तर नियम 5 लागतो. हे प्रकार दाव्याच्या अगदी सुरुवातीला घडतात. पक्षकाराला वाटतं दावा दाखल झाला, आता कोर्ट बोलावेल. बेलीफाचा अहवाल काय आला ते कोणी विचारतच नाही. या दोन्हींत नवा दावा टाकायची मोकळीक असते, मुदत शिल्लक हवी एवढंच.

मधल्या तारखेला गैरहजर. सुनावणी पुढे ढकलल्यानंतरच्या तारखेला कोणी आलं नाही तर आदेश 17, नियम 2 लागतो आणि कोर्ट बहुधा वरच्याच आदेश 9 प्रमाणे वागतं. मात्र पुरावा द्यायला मुदत घेऊन तो दिला नाही आणि कोर्टाने त्याच आदेश 17 च्या नियम 3 खाली, हाती असलेल्या कागदांवर निर्णय दिला, तर तो गुणदोषांवरचा निकाल असतो. तिथे परत घेण्याचा अर्ज चालणार नाही, अपीलच करावं लागेल. ओळखायची खूण अशी: आदेशात मुद्दे काढून त्यांची उत्तरं दिली असतील आणि डिक्री (निकालाचा औपचारिक हुकूमनामा) तयार करायला सांगितलं असेल, तर अपिलाच्या तयारीला लागा. एक परिच्छेद, "वादी व वकील वारंवार पुकारूनही गैरहजर" एवढंच असेल तर तो डिफॉल्ट.

वादी वारला होता. ही गोष्ट डिफॉल्टमध्ये धरूच नये. घणसोलीपासून उलव्यापर्यंतच्या गावांत मी हे पुन्हा पुन्हा पाहते. वडिलांनी दावा टाकला, वडील गेले, मुलांना दावा आहे हेच माहीत नव्हतं. वारसांना रेकॉर्डवर आणायची मुदत मृत्यूपासून 90 दिवस. ती गेली की दावा आपोआप संपुष्टात येतो, आणि तो जिवंत करायचा अर्ज आदेश 22, नियम 9 खाली पुढच्या 60 दिवसांत करायचा. ही मुदत उलटली तरी विलंबमाफी मागता येते. अशा ठिकाणी "आम्ही गैरहजर राहिलो" असा साधा अर्ज लिहिला तर खरं कारण बाजूला पडतं आणि समोरचा नेमकं त्यावरच बोट ठेवतो.

अपील असेल तर आदेश 41: नियम 17 खाली ते निघतं, नियम 19 खाली परत घेता येतं.

भूसंपादनाचा रेफरन्स असेल तर

सिडकोसाठी जमिनी गेलेल्या कुटुंबांसाठी हा भाग मुद्दाम वेगळा काढला आहे. 1894 च्या भूसंपादन कायद्याच्या कलम 18 खालचा वाढीव मोबदल्याचा रेफरन्स (जिल्हाधिकाऱ्यांमार्फत कोर्टाकडे येणारी मागणी) कोर्टाकडे आला की कोर्टाने अवॉर्ड, म्हणजे मोबदला ठरवणारा निवाडा, द्यायला हवा. केवळ अर्जदार आला नाही म्हणून रेफरन्स डिफॉल्टमध्ये काढता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये खजान सिंग विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात सांगितलं आहे. तुमचा रेफरन्स असा निघाला असेल तर आजारपण, वकील, पत्ता या सगळ्याच्या आधी हा मुद्दा अर्जात पहिला घ्या.

पण यावर विसंबून घरी बसू नका. कोर्ट तुमच्याशिवाय अवॉर्ड देऊ शकतं आणि पुढे पुरावाच नसेल तर वाढीव दर मिळणार कशावरून? शेजारच्या सर्व्हे नंबरची खरेदीखतं, त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या जमिनींचे अवॉर्ड, सातबारा, मोजणी नकाशा ही पिशवी अर्जाबरोबरच तयार ठेवा.

टप्पा 3: दिवस मोजा

मुदत कायदा 1963, अनुच्छेद 122. दावा किंवा अपील परत घेण्याच्या अर्जाला 30 दिवस, आणि ते मोजायचे दावा निघाल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कळलं त्या तारखेपासून मोजायचे नाहीत. हा गैरसमज इतका खोलवर आहे की तो लोकांना दोनदा सांगावा लागतो. एकतर्फी डिक्री झालेल्या प्रतिवादीला समन्स नीट बजावलंच नसेल तर माहिती झाल्यापासूनचे दिवस मिळतात. वादीला ती सवलत नाही, कारण दावा त्याचाच आहे.

उदाहरण घ्या. दावा 10 जून 2025 ला निघाला. तो दिवस सोडायचा, 11 जून हा पहिला दिवस, म्हणजे 30 वा दिवस 10 जुलै. शेवटच्या दिवशी कोर्ट बंद असेल तर कोर्ट उघडेल त्या पहिल्या दिवशी अर्ज चालतो. दिवाळीच्या किंवा मे महिन्याच्या सुट्टीत मुदत संपत असेल तर उघडण्याच्या दिवशीच सकाळी दाखल करा, दुसऱ्या दिवशी नाही.

नक्कल मिळायला लागलेले दिवस अपील, पुनरीक्षण आणि पुनर्विलोकन यांत वजा होतात. परत घेण्याचा अर्ज त्या यादीत नाही. म्हणून संकेतस्थळावरच्या आदेशाची प्रत जोडून अर्ज आत टाका, नकलेचा अर्ज त्याच दिवशी करा आणि नक्कल नंतर यादीसह जोडा.

टप्पा 4: दोन वेगळी कारणं, दोन वेगळे पुरावे

कोर्टाला दोन प्रश्नांची उत्तरं हवी असतात. त्या तारखेला का नव्हतात? आणि मुदत उलटली असेल तर त्यानंतर इतके दिवस का लागले? पक्षकार एकाच उत्तरात दोन्ही उरकू पाहतो.

वरचंच उदाहरण पुढे नेऊ. तुम्ही 5 ते 12 जून दवाखान्यात होता, डिस्चार्ज कार्ड आहे. 10 जूनच्या गैरहजेरीचा प्रश्न मिटला. अर्ज मात्र 20 ऑगस्टला केलात. मुदत 10 जुलैला संपली होती, म्हणजे 41 दिवसांचा विलंब, आणि त्या 41 दिवसांबद्दल डिस्चार्ज कार्ड एक अक्षर बोलत नाही. तिथे वेगळा कागद हवा: फिजिओथेरपीच्या पावत्या, कामावर रुजू झाल्याचं पत्र, वकिलांना केलेले संदेश.

गोळा करायचे कागद प्रकरणानुसार बदलतात, पण हे बहुतेकांना लागतात: वैद्यकीय कागद तारखेसकट, गावी गेल्याचं तिकीट, मृत्यूचा दाखला, पत्ता बदलल्याचा भाडेकरार, वकिलांना दिलेल्या फीच्या पावत्या, तारखा विचारणारे व्हॉट्सॲप संदेश. संदेशांच्या चित्रप्रती काढताना नाव, तारीख आणि वेळ दिसू द्या. संदेश फोनमधून पुसू नका, समोरचा मूळ फोन मागू शकतो. अशा प्रतींसोबत इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं प्रमाणपत्र लागेल का, ते वकिलांना आधीच विचारा.

थांबा: दाव्याच्या तारखेनंतर दोन महिन्यांनी लिहून घेतलेला "रुग्ण त्या काळात आजारी होता" असा दाखला आणू नका. उलटतपासणीत तो टिकत नाही, आणि एकदा खोटा कागद सापडला की खरं कारणही कोणी ऐकत नाही.

टप्पा 5: अर्ज लिहा

अर्ज ज्या कोर्टाने आदेश दिला त्याच कोर्टात करायचा. त्याला किरकोळ अर्जाचा नवा नंबर पडतो. शीर्षकात मूळ दाव्याचा नंबर आणि नियम दोन्ही लिहा: "आदेश 9, नियम 9 व कलम 151 खाली अर्ज", किंवा नियम 3 खाली निघाला असेल तर नियम 4. (कलम 151 म्हणजे कोर्टाचे अंगभूत अधिकार.)

पहिल्या परिच्छेदात दावा कशाचा आणि तो कोणत्या टप्प्यावर होता ते दोन ओळींत. दुसऱ्यात मागच्या तारखांना तुम्ही हजर होता याचा हिशेब: साक्ष झाली, कागद दाखल केले, अमुक तारखेपर्यंत एकही गैरहजेरी नाही. ही माहिती रोजनाम्यातून जशीच्या तशी घ्या. एकाच तारखेला गैरहजर राहिलेला माणूस आणि वर्षभर न आलेला माणूस यांच्याकडे कोर्ट सारख्या नजरेने बघत नाही. तिसऱ्यात त्या एका तारखेचं कारण, जागा आणि वेळ यांसह. "अपरिहार्य कारणामुळे" हे शब्द काढून टाका. चौथ्यात तुम्हाला कधी आणि कसं कळलं, आणि त्यानंतर प्रत्येक आठवड्यात तुम्ही काय केलंत. शेवटी मागणी.

मागणीत एक ओळ लोक विसरतात. दाव्यात मनाई हुकूम होता आणि दावा निघाला, तर हुकूमही गेला. समोरचा बांधकाम सुरू करू शकतो, फ्लॅट विकू शकतो. दावा परत आला की मधले आदेश साधारणपणे परत येतात, असं सर्वोच्च न्यायालयाच्या बहुमताने 2004 मध्ये वरीद जेकब प्रकरणात म्हटलं आहे, पण कोर्ट वेगळं सांगू शकतं. म्हणून "मनाई हुकूमही पूर्ववत व्हावा" हे मागणीत स्पष्ट लिहा. अर्ज प्रलंबित असताना जैसे थे ठेवण्यासाठी वेगळा तातडीचा अर्जही द्या, नाहीतर दावा परत मिळेल आणि वाचवायला काही उरणार नाही.

अर्जासोबत तुमचं शपथपत्र लागतं. कारण वकिलांकडचं असेल तर त्यांचंही शपथपत्र मागा. ते द्यायला तयार नसतील तर तेही अर्जात लिहा, पण रागाने लिहू नका.

वकिलांवर ठपका ठेवायचा का?

1981 मध्ये रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की वकील नेमून, फी देऊन, विश्वासाने घरी बसलेल्या निष्पाप पक्षकाराला वकिलाच्या चुकीची शिक्षा नको. लोक एवढंच वाचतात. 1993 मध्ये सलील दत्ता प्रकरणात त्याच न्यायालयाने बजावलं की हा सरसकट नियम नाही. तिथे पक्षकार शहरात बसलेली कंपनी होती, तिला आपलं प्रकरण कुठवर आलं आहे हे बघता येत होतं. ठाण्या-नवी मुंबईत हातात स्मार्टफोन असलेल्या पक्षकाराला कोर्ट हाच प्रश्न विचारणार: ॲपवर तारीख बघता येत होती, का बघितली नाही? म्हणून "वकिलांनी कळवलं नाही" या वाक्याच्या मागे तुम्ही स्वतः काय केलंत ते यायलाच हवं. तुम्ही फोन केलेत का, संदेश पाठवलेत का, ऑफिसात चकरा मारल्यात का, तारखांसकट लिहा.

वकिलांनी "नो इन्स्ट्रक्शन" पुरशीस देऊन अंग काढून घेतलं असेल तर गोष्ट वेगळी. कोर्टाच्या परवानगीशिवाय वकीलपत्र संपत नाही. तुम्हाला आधी कळवलं होतं का आणि त्यानंतर कोर्टाने तुम्हाला नोटीस काढली होती का, हे रोजनाम्यात शोधा. नोटीस नसेल तर तो तुमचा सर्वांत जड मुद्दा आहे.

विलंबमाफीचा अर्ज

मुदत उलटली असेल तर मुदत कायद्याच्या कलम 5 खाली वेगळा अर्ज. आधी तो चालतो, मंजूर झाला की मूळ अर्जाकडे वळतात. किती दिवसांचा विलंब ते अचूक आकड्यात लिहा. 41 दिवसांचे 38 लिहिले तर उरलेल्या 3 दिवसांची माफी कोणी मागितलीच नाही, असा आक्षेप येतो. 1987 च्या कातिजी प्रकरणापासून न्यायालयं विलंबाकडे उदारपणे बघतात, दिवसागणिक पावती मागत नाहीत. पण ती उदारता झोपून राहिलेल्याला नाही, हेही न्यायालयांनी तितक्याच ठामपणे सांगितलं आहे.

टप्पा 6: दाखल करा आणि या अर्जाच्या तारखा सांभाळा

दाखल करताना कोर्ट फी स्टॅम्प, वकीलपत्र, शपथपत्र, कागदांची यादी आणि समोरच्यांच्या संख्येइतक्या प्रती तपासा. नवे वकील असतील तर जुन्यांची नाहरकत घ्या. ती मिळत नसेल तर कोर्टाची परवानगी मागा, पण त्यासाठी मुख्य अर्ज रोखून धरू नका.

नियम 9 च्या अर्जात समोरच्याला नोटीस बजावल्याशिवाय आदेश होत नाही. बजावणीची फी भरली का, पत्ता बरोबर आहे का, बेलीफ गेला का, हे दर आठवड्याला विचारा. इमारत पुनर्विकासाला गेलेली असते, सोसायटी रिकामी असते आणि नोटीस "पत्त्यावर राहत नाही" म्हणून परत येते. मग बजावणीअभावी परत घेण्याचा अर्जच डिफॉल्टमध्ये जातो. माझ्याकडे आलेल्या एका काकांचं असंच झालं होतं. दावा निघाला, परत घ्यायचा अर्ज निघाला, तो परत घ्यायचा अर्ज आम्ही केला आणि प्रत्येक पायरीवर न्यायाधीशांच्या चेहऱ्यावरचा विश्वास कमी होत गेलेला मी पाहिला.

तपासा: पुढची तारीख घरातल्या दोन माणसांच्या फोनमध्ये आहे का? ॲपमध्ये प्रकरण जतन केलं आहे का? तारखेच्या आदल्या संध्याकाळी बोर्ड बघायची जबाबदारी कोणाची, हे ठरलं आहे का?

टप्पा 7: आदेश झाल्यावर

मंजूर झाला तर बहुधा खर्चाची अट असते: अमुक रक्कम अमुक दिवसांत समोरच्याला द्या किंवा कोर्टात भरा. ही रक्कम शेवटच्या दिवसापर्यंत ठेवू नका. भरल्यावर पावती पुरशीससोबत रेकॉर्डवर घाला. नुसती पावती खिशात ठेवली आणि रेकॉर्डवर काहीच नसेल तर अट पाळली नाही असं धरलं जाऊ शकतं. मग मूळ दावा खरोखर बोर्डावर आला का ते बघा. आदेशाची नोंद मूळ दाव्याच्या फाइलमध्ये व्हावी लागते, आणि ती झाली नाही तर दावा निकाली खात्यातच पडून राहतो. संबंधित क्लार्कना आदेशाचा नंबर देऊन विचारा.

नामंजूर झाला आणि तो नियम 9 चा अर्ज असेल, तर आदेश 43, नियम 1 प्रमाणे अपील होतं: जिल्हा न्यायालयात 30 दिवस, हायकोर्टात 90. इथे मात्र नकलेचे दिवस वजा होतात, म्हणून नकलेचा अर्ज त्याच दिवशी करा. नियम 4 चा अर्ज नामंजूर झाला तर असं अपील नाही. नवा दावा टाकता येईल का किंवा वरच्या कोर्टात वेगळ्या मार्गाने जावं लागेल का, ते वकिलांकडून ठरवून घ्या.

ज्यांचा रस्ता वेगळा आहे

चेक न वटल्याची फौजदारी तक्रार. फिर्यादी आला नाही तर इथे आरोपी सुटतो. पूर्वीचं फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 256, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 279. नव्या संहितेत, म्हणजे 1 जुलै 2024 पासून, फिर्यादीला हजर राहायला 30 दिवसांचा अवधी द्यायचा आहे. तो दिला होता का ते आधी बघा. दंडाधिकारी स्वतःचा हा आदेश मागे घेऊ शकत नाहीत. वर जावं लागतं आणि त्यालाही मुदत असते, म्हणून त्याच आठवड्यात फौजदारी वकिलांना गाठा.

ग्राहक तक्रार. जिल्हा आयोगाला स्वतःचा डिफॉल्टचा आदेश फिरवायचा अधिकार नाही, असं 2011 मध्ये राजीव हितेंद्र पाठक प्रकरणात ठरलं. तो निर्णय जुन्या कायद्यावरचा असला तरी 2019 च्या कायद्यानेही जिल्हा आयोगाला उघड दिसणारी चूक दुरुस्त करण्यापुरताच पुनर्विलोकनाचा अधिकार दिला आहे. राज्य आयोगाकडे 45 दिवसांत अपील करा. आयोगाच्या कार्यालयात "परत घ्या" असा अर्ज देऊन उत्तराची वाट बघत बसलात तर ते 45 दिवस संपतील.

दरखास्त. डिक्रीच्या अंमलबजावणीची दरखास्त निघाली तर आदेश 21, नियम 106 खाली 30 दिवस. मुदत कायद्याच्या कलम 5 मध्येच आदेश 21 खालचे अर्ज वगळलेले आहेत. विलंबमाफीच्या भरवशावर राहू नका. या एका प्रकारात 31 वा दिवस खरोखर महाग पडतो.

हायकोर्टातली याचिका. ठाण्याहून मुंबईला गेलेल्या याचिका गैरहजेरीपेक्षा कार्यालयीन हरकतींमुळे जास्त अडकतात: पान अस्पष्ट, भाषांतर नाही, प्रतिवादीचा पत्ता अपुरा. हरकती अमुक आठवड्यांत दूर केल्या नाहीत तर याचिका पुन्हा कोर्टापुढे न येता रद्द समजावी, असा सशर्त आदेश होतो. त्या दिवशी पक्षकार खूश असतो, कारण "वेळ मिळाली". मुदत संपली की कोणतीही नवी तारीख न लागता याचिका संपते. हरकतींची यादी वकिलांकडून लेखी मागा, मुदत अपुरी वाटली तर ती संपायच्या आत वाढवून मागा. संपली असेल तर परत घेण्याच्या अर्जासोबत हरकती दूर केल्याचा पुरावाही जोडा. हरकती तशाच ठेवून केलेला अर्ज कोर्टाला पटणं कठीण.

फी परवडत नसेल तर

महिला, अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग आणि औद्योगिक कामगार यांना उत्पन्न कितीही असलं तरी विधी सेवा प्राधिकरण कायदा 1987 च्या कलम 12 प्रमाणे मोफत वकील मिळू शकतो. बाकीच्या बहुतेकांना उत्पन्नाची मर्यादा लागते. ठाण्याच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय जिल्हा न्यायालयातच आहे, आणि 15100 या टोल फ्री क्रमांकावरही विचारता येतं. जाताना आदेशाची छापील प्रत, सीएनआर क्रमांक आणि टप्पा 1 मध्ये लिहून घेतलेल्या तीन गोष्टी सोबत न्या. अर्ज मंजूर होऊन वकील नेमले जायला काही दिवस लागतात. मुदतीचे 8-10 दिवसच उरले असतील तर ते पहिल्याच वाक्यात सांगा आणि अर्जावरही वरच्या कोपऱ्यात शेवटची तारीख ठळक लिहा.